छतावरच्या सोलरचा भाव कशावर ठरतो?

मंडळाच्या कार्यक्रमानंतर चहा घेताना हल्ली एक प्रश्न हमखास येतो : "तुम्ही सोलर केवढ्याला बसवलंत?" नुसता आकडा सांगून भागत नाही, कारण शेजारच्या घराचा आकडा वेगळाच निघतो. आम्हालाही तीन किलोवॅटसाठी दोन कोटेशने आली होती, एक १,५५,००० चे, दुसरे १,९५,००० चे. बँकेत उभा जन्म कोटेशने तपासण्यात गेला, तरी स्वस्तावर सही करायला आम्ही निघालोच होतो.

फरक पॅनेलमध्ये होता. 'पीएम सूर्यघर' योजनेची सबसिडी हवी असेल तर पॅनेल आणि त्यातले सेल, दोन्ही भारतात बनलेले लागतात. कोटेशनमध्ये त्याला 'डीसीआर' लिहितात. बाहेरच्या सेलचे पॅनेल स्वस्त मिळते, पण त्यावर सबसिडी नाही. पहिल्या दोन किलोवॅटना प्रत्येकी ३०,०००, तिसऱ्याला १८,०००, म्हणजे एकूण ७८,०००. पुढे कितीही मोठी सिस्टिम घेतली तरी तेवढेच. म्हणजे महागडे कोटेशन आम्हाला १,१७,००० ला पडले, आणि 'स्वस्त' १,५५,००० लाच राहिले असते! मात्र सबसिडी काम होऊन नेट मीटर लागल्यावरच खात्यात येते, तोवर पूर्ण रक्कम आपणच उभी करायची. विक्रेता सबसिडी वजा करून भाव सांगत असेल, तर मूळ किंमत कागदावर मागा.

पॅनेलचे भाव गेल्या काही वर्षांत खूप उतरले. २२ सप्टेंबर २०२५ पासून त्यावरचा जीएसटीही १२ वरून ५ टक्क्यांवर आला. तरी कोटेशन त्या मानाने उतरत नाही, कारण इन्व्हर्टर, केबल, अर्थिंग, मजुरी आणि लोखंडी स्ट्रक्चर यांचा वाटा मोठा असतो. यातले काही खर्च एका किलोवॅटलाही जवळपास तेवढेच, म्हणून लहान सिस्टिम किलोवॅटमागे महाग पडते. आमच्या घरी वाद झाला तो स्ट्रक्चरवरून. तीन किलोवॅटला सुमारे ३०० चौरस फूट गच्ची जाते. मग कुरडया-पापड कुठे वाळवायचे? शेवटी उंच स्ट्रक्चर घेतले. लोखंड जास्त, खर्चही जास्त. वर सांगितलेले १,९५,००० त्यासह आहेत. गॅल्व्हनाइज्ड नसलेले लोखंड घेऊ नका, पॅनेलची वॉरंटी २५ वर्षांची आणि खालचा पाय चार पावसाळ्यांत गंजलेला, असे होते.

बॅटरी घेतली तर भाव एकदम चढतो. नसेल, तर लाइट गेल्यावर सोलरही बंद, हे बहुतेकांना उशिरा कळते.

आता वसुली. एक किलोवॅट दिवसाला सरासरी चार युनिट देतो. तीन किलोवॅटचे महिन्याला साडेतीनशे धरले आणि युनिटला सात रुपये वाचले, तर वर्षाला २९,०००-३०,००० सुटतात. चारेक वर्षांत पैसे वसूल. पण घरात दोघेच, वापर शंभर-दीडशे युनिट, तर हा हिशेब कोसळतो. वर्षअखेरीस शिल्लक राहिलेल्या युनिटला आपण भरतो त्यापेक्षा बराच कमी दर मिळतो. आपल्या इंदूर महापालिकेनेही जलूदहून नर्मदेचे पाणी चढवण्याचे वीजबिल पाहूनच २०२३ मध्ये सौर प्रकल्पासाठी २४४ कोटींचे ग्रीन बाँड काढले. आधी बिल पाहायचे, मग पॅनेल.

कोटेशन आले असेल तर सही करण्याआधी गेल्या वर्षाची बारा बिले घेऊन मंडळात या. रविवारी सकाळी आम्ही वाचनालयातच असतो.