खोटं आणि खोटं-खोटं



श्रीवर्धनच्या एखाद्या वाडीत पोफळीच्या सावलीला चार वर्षांची पोर भातुकली मांडून बसते. करवंटीतली ओली वाळू हा तिचा भात. "आजी, जेवायला ये," अशी हाक येते. आजीने ती वाळू खरोखरच तोंडात घातली, तर पोर ओरडेल, "अगं, खोटं-खोटं खायचं!" म्हणजे खेळ कुठला आणि खरे काय, हे तिला ठाऊक असते. दोन-तीन वर्षांच्या वयापासून ही समज हळूहळू येऊ लागते.

'खोटं' म्हणजे दुसऱ्याला फसवणे. 'खोटं-खोटं' म्हणजे दोघांनी मिळून तसे मानणे. तेव्हा काठीचा घोडा करणाऱ्याला खोटारडा म्हणू नका.

मग गोंधळ होतो कुठे? भीतीपाशी. शिमग्याचे सोंग पाहून मूल किंचाळते, त्याला हसू नये. सोंगाड्याने मुखवटा काढावा, मुलाच्या हाती द्यावा आणि त्याच्या देखत पुन्हा चढवावा.

काही गोंधळ आपणच घालतो. "जेव, नाहीतर बागुलबुवा नेईल!" हा काही खेळ नव्हे, यातले गुपित एकट्या मोठ्यांनाच माहीत असते. ३ जून २०२० रोजी निसर्ग चक्रीवादळात इथल्या माड-पोफळी आडव्या झाल्या. अशा वेळी "घरात ये" म्हटले की मुलाने तत्काळ ऐकले पाहिजे. खोट्या धाकापायी शब्दावरचा तोच विश्वास खर्ची पडतो.

आणखी एक जपायचे. कुंपणाच्या मोगली एरंडाच्या बिया भातुकलीत शेंगदाणे होतात. चवीला बऱ्या लागतात, पण त्या विषारी, उलट्या-जुलाब होतात. म्हणून नियम एकच : भातुकलीतले काहीही तोंडात घालायचे नाही. कोणी खाल्लेच, तर उरलेल्या बिया बरोबर घेऊन लगेच दवाखाना गाठावा.

गुरुजी आणि बाई, ताराबाई मोडक व अनुताई वाघ यांनी १९४५ साली बोर्डीला ग्रामीण बालशिक्षणाचे काम सुरू केले, तेव्हा आसपासच्या वस्तूंनाच शिक्षणाचे साधन केले. तुम्हीही शिंपले, झावळ्या, करवंट्या घ्या. गोष्टीत ससा बोलला, की मध्येच विचारा, "खरा ससा बोलतो का रे?" उत्तर मुलांनाच देऊ द्या. खेळ सुरू करताना "चला, खोटं-खोटं" म्हणा, संपताना "खेळ मोडला" म्हणा आणि भांडी उपडी करा. एवढी खूण मुलांना पुरते.