पंचवीस लाखांचे बावन्न लाख

बँकेच्या कर्ज विभागात माझी सगळी नोकरी झाली. घरासाठी कर्ज मागायला आलेला माणूस जिल्हा परिषदेचा शिक्षक असो, एसटीचा कंडक्टर असो की तुळजापूरचा हॉटेलवाला, खुर्चीत टेकला की आधी विचारायचा, "मॅडम, हप्ता किती बसंल?" व्याजाचा दर दुसऱ्या नंबरवर. मुदतीचं तर कुणी नावच काढत नसे. ती आम्हीच भरायचो, आणि नियमात बसेल तेवढी जास्त भरायचो. मुदत लांबवली की हप्ता लहान दिसतो आणि प्रकरण पगारात बसतं. सगळं मिळून शेवटी किती भरायचं, हे विचारणारे फार थोडे. विचारलं असतं तर आम्ही सांगितलं असतं. आपण होऊन मात्र सांगत नव्हतो, हेही खरं.

आता निवृत्तीनंतर धाराशिवातल्या घरी ओळखीपाळखीचे लोक बँकेचे कागद घेऊन येतात. त्यांना मी एकच उदाहरण कागदावर मांडून दाखवते. कर्ज २५ लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता बसतो २१,६९६ रुपये. असे २४० हप्ते म्हणजे ५२ लाख ७ हजार. २५ लाखांवर व्याजच २७ लाख.

हिंदू कायद्यात दामदुपटीचा जुना नियम आहे. सावकाराला एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याज वसूल करता येत नाही. एक रिटायर्ड तलाठी अण्णा मला म्हणाले, "मग बँकेला कसं चालतं?" बँकेचं व्याज साचत नाही, दर महिन्याला चुकतं होतं, म्हणून त्या नियमाचा इथे संबंध येत नाही. पण त्यांचा प्रश्न चुकीचा नव्हता. वीस वर्षांच्या कर्जात दामदुपटीहून जास्त पैसा जातो आणि सही करताना तो दिसत नाही.

तो का दिसत नाही, हे पहिल्याच हप्त्यात कळतं. २५ लाखांवर एका महिन्याचं व्याज होतं १७,७०८ रुपये. हप्ता २१,६९६. म्हणजे मुद्दलात जमा झाले फक्त ३,९८८. पुढच्या महिन्यात तेवढ्यापुरतं व्याज कमी, मुद्दल किंचित जास्त. हे पारडं फार हळू कलतं. पाच वर्षांत तुम्ही १३ लाख भरता आणि कर्ज उरतं २२ लाख ३ हजार. निम्मं कर्ज फिटायला किती काळ लागतो, असं विचारलं की लोक "दहा वर्षं" म्हणतात. लागतात जवळपास चौदा.

म्हणून माझ्या मते घराची खरी किंमत दरापेक्षा मुदतीत दडलेली असते. तेच २५ लाख, तोच साडेआठ टक्के दर, पण १५ वर्षं घ्या. हप्ता होतो २४,६१९. महिन्याला २,९२३ रुपये जास्त आणि एकूण व्याज १९ लाख ३१ हजार. पावणेआठ लाख वाचले. दरात पाव टक्का सूट मिळावी म्हणून लोक तीन बँकांच्या पायऱ्या झिजवतात, आणि मुदतीच्या रकान्यात मात्र समोरचा जो आकडा लिहील त्यावर सही करतात.

माझा भाचा कळंब तालुक्यात शिक्षक आहे. त्यानं ऑक्टोबर २०२१ मध्ये धाराशिवात घर घेतलं. तेव्हा दर सात टक्के, कर्ज २५ लाख, २० वर्षं, हप्ता १९,३८२. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर तेव्हा ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढत गेला आणि ८ फेब्रुवारी २०२३ ला साडेसहावर पोचला. भाच्याचा हप्ता मात्र हलला नाही. तो खूष. "आत्या, बातम्यांत सगळं महाग झालंय म्हणतेत, माझा हप्ता तर हाय तेवढाच हाय!" मी म्हटलं, स्टेटमेंट घेऊन ये. मार्च २०२३ चा हप्ता पाहिला. दर साडेनऊ झालेला, शिल्लक साडेचोवीस लाखांच्या आसपास, त्यावर महिन्याचं व्याज १९,३८४ रुपये. हप्ता १९,३८२! मुद्दलात जमा शून्य. व्याजालाच दोन रुपये कमी पडत होते. हप्ता न वाढवता बँक मुदत ताणत गेली होती, आणि मुदत ताणायलाही आता काही उरलं नव्हतं. त्याला कुणी कळवलं नव्हतं.

असं त्याच्या एकट्याचं झालं नव्हतं. म्हणून तर १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेनं परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारावं. स्थिर दरावर जायची मुभा द्यावी (ही सक्ती २०२५ पर्यंत होती). मुदत इतकी लांबवू नये की हप्ता व्याजालाही पुरणार नाही. आणि दर तिमाहीला कळवावं की आजवर मुद्दल किती, व्याज किती घेतलं आणि हप्ते किती राहिले. भाच्यानं अर्ज दिला. मूळच्याच तारखेला कर्ज संपवायचं तर हप्ता सुमारे २३,७०० करावा लागत होता. सव्वाचार हजारांची वाढ ऐकून सूनबाईंचा चेहरा उतरला, पण त्यांनी ती घेतली. पुढे २०२५ मध्ये रेपो दर उतरत उतरत सव्वापाचवर आला. मी त्यांना सांगितलंय, हप्ता कमी करून घेऊ नका, तसाच चालू द्या. कर्ज आपोआप लवकर संपेल.

दर उतरल्याचा फायदा सगळ्यांना मिळत नाही, हीसुद्धा एक गोम आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराशी जोडावी लागतात आणि तीन महिन्यांतून एकदा तरी दर बदलावा लागतो. त्याआधीची कर्जं अजून बेस रेट किंवा एमसीएलआर या बँकेनं स्वतः ठरवलेल्या दरांवर रेंगाळलेली असू शकतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना तर हा नियमच लागू नाही. आपलं कर्ज कशाला जोडलंय, हे शाखेत जाऊन विचारावं. थोडी फी भरून बदलून घेता येतं आणि ती फी बहुधा वर्षभरात वसूल होते. नवा गिऱ्हाईक कमी दरात येतो आणि जुना इमानदारीनं जास्त भरत राहतो, हे मी इतकी वर्षं पाहिलंय. मागितल्याशिवाय दर उतरवून कुणी देत नाही.

माझं माहेर लोहारा तालुक्यातलं. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंपात आमच्या भागातली दगडमातीची माळवदं बसली आणि मग सरकारनं ज्याची जमीन किती ते बघून २५०, ४०० किंवा ७५० चौरस फुटांची घरं बांधून दिली. त्या पिढीला घर आणि हप्ता यांचं नातं ठाऊकच नव्हतं. त्यांचीच मुलं आता नोकरीला लागून धाराशिव, सोलापूर, पुण्याला घरं घेताहेत. व्याजाचा हिशेब सांगणारं घरात कुणी नाही. असलंच तर ते सावकारी हिशेब सांगतं: शेकडा दोन रुपये महिना. त्या मानानं साडेआठ टक्के वर्षाला म्हणजे फुकटच वाटतं. सोपी तुलना चुकीच्या ठिकाणी केली की माणूस असा फसतो.

आणि ज्यांना बँक दारात उभं करत नाही, त्यांचं काय? आपल्या जिल्ह्यात गावठाणातलं घर नमुना आठवर, शहरालगतचा प्लॉट गुंठेवारीत, एनए (बिगरशेती) झालेला नाही. बँक कागद परत करते. मग माणूस पतसंस्थेत नाहीतर खासगी फायनान्सकडे जातो. तिथे तेरा-चौदा टक्के सर्रास असतात. २५ लाख तेरा टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले तर ७० लाख फेडावे लागतात. त्याहून वाईट म्हणजे 'फ्लॅट' दर. दहा लाख, दहा टक्के फ्लॅट, दहा वर्षं. ऐकायला स्वस्त. पण इथे व्याज शेवटपर्यंत पूर्ण दहा लाखांवरच धरतात, फेडलेलं मुद्दल वजा करतच नाहीत. हप्ता होतो १६,६६७ आणि बँकेच्या पद्धतीनं मोजलं तर दर जवळपास १६ टक्के पडतो. कुणी दर सांगितला की पहिला प्रश्न विचारा: उरलेल्या रकमेवर, की पूर्ण रकमेवर? प्लॉट घेतानाच एनए, मोजणी, नावनोंदणी यांवर घातलेले पैसे पुढे व्याजात परत मिळतात, हे माझं ठाम मत आहे.

कर्जाच्या पोटात आणखी एक पाहुणा शिरतो, तो म्हणजे विमा. कर्जदाराचा विमा असावाच, त्याबद्दल वाद नाही. पण एकरकमी हप्त्याची पॉलिसी कर्जातच मिळवून टाकतात. ७५ हजारांचा विमा साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत १ लाख ५६ हजारांना पडतो. पगारदारानं वेगळा मुदत विमा घ्यावा, वर्षाचे पैसे वर्षाला भरावेत. प्रोसेसिंग फी, त्यावरचा जीएसटी, सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशन, तारणाची स्टँप ड्यूटी हे वेगळं. १ ऑक्टोबर २०२४ पासून घरकर्जासारख्या प्रत्येक किरकोळ (रिटेल) कर्जासोबत 'की फॅक्ट स्टेटमेंट' नावाचा कागद द्यावा लागतो. सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर त्यात एकाच आकड्यात लिहिलेला असतो. कर्जदाराला कळणाऱ्या भाषेत तो द्यावा, असाही नियम आहे. तेव्हा मराठीत मागा. त्यात न लिहिलेली फी तुमच्या संमतीशिवाय लावता येत नाही.

"पण मॅडम, टॅक्स वाचतोय की!" हे वाक्य मी हजारदा ऐकलंय. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर दोन लाखांपर्यंत वजावट मिळते ती जुन्या करपद्धतीत. २०२३-२४ या आर्थिक वर्षापासून नवी पद्धत आपोआप लागू होते आणि तिथे ही वजावट नाही. आणि जुन्यातही वीस टक्क्यांच्या टप्प्यातला माणूस शंभर रुपये व्याज भरतो तेव्हा वीस वाचवतो, ऐंशी गमावतो. सरकारी मदत हवी असेल तर वर्षाला ९ लाखांपर्यंत उत्पन्न असणाऱ्यांनी प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० कडे पाहावं. अटींत बसलात तर पहिल्या ८ लाखांवर व्याजात ४ टक्के अनुदान, पाच वार्षिक हप्त्यांत मिळून जास्तीत जास्त १ लाख ८० हजार.

एवढं ऐकून कुणी कर्जच नको म्हणेल, तर तेही बरोबर नाही. बावन्न लाख हा आकडा खरा असला तरी पुरता खरा नाही. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षी भरलेल्या २१,६९६ रुपयांची आजची किंमत आठ हजारांच्या आसपास भरते. तोवर पगार वाढलेला असतो. शिवाय भाडं वाचतं. महिना आठ-दहा हजार भाड्याचे वीस वर्षांत किती होतात, तेही याच कागदावर मांडावं लागतं. कर्ज घ्यावं, पण सुरुवातीच्या वर्षांत त्याच्या मागे लागावं.

आपल्याकडे बहुतेक नोकरदारांच्या घरी थोडी शेती असते. दिवाळीच्या आगेमागे सोयाबीनचे पैसे येतात, पुढे उसाचं बिल. (पाऊस धड पडला तर. २०२५ च्या सप्टेंबरात परंडा-भूमकडे पुरानं काय केलं, ते सगळ्यांनी पाहिलंय.) त्यातला एक लाख पहिल्या वर्षाच्या शेवटी कर्जात भरला तर शेवटचे सुमारे २१ हप्ते उडतात, म्हणजे साडेचार लाखांहून जास्त रक्कम. तोच लाख पंधराव्या वर्षी भरलात तर सातच हप्ते वाचतात. दरवर्षी फक्त एक हप्ता जास्तीचा भरत गेलात, तर वीस वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत संपतं आणि पाच लाखांहून जास्त व्याज वाचतं. बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून मुदतीआधी फेडल्याचा दंड घेता येत नाही. भरताना मात्र अर्जात स्पष्ट लिहा: हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी. नाहीतर हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवतील आणि वाचणाऱ्या व्याजातलं बरंचसं हातचं जाईल.

घरात सोनंतारण असेल, पतसंस्थेचं चौदा टक्क्यांचं कर्ज असेल, तर मात्र आधी ते फेडा. सहा महिन्यांचा घरखर्च हाताशी ठेवा. २०२० मध्ये करोनाच्या काळात सहा महिने हप्ते थांबवायची सवलत मिळाली होती. तिथे व्याज थांबलं नव्हतं. कर्ज नुकतंच घेतलेल्या ज्यांनी सहाही महिने ती वापरली, त्यांची मुदत सुमारे दोन वर्षांनी लांबली.

शेवटचा हप्ता गेला की लोक पेढे वाटतात आणि कागद बँकेतच राहतात. १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे: कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रं परत द्यायची, बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. बेबाकी दाखला घ्या, कागद यादीशी ताडून पाहा. आणि सातबाऱ्यावर किंवा प्रॉपर्टी कार्डावर बोजा चढलेला असेल तर तो दाखला जोडून कमी करून घ्यायचा अर्ज स्वतः द्या, नवा उतारा हातात पडेपर्यंत पाठ सोडू नका.