खातेबंदी, ऑनलाइन खेळांतील

ऑनलाइन स्पर्धात्मक व्हिडिओ खेळांत नियमभंगाच्या कारणावरून खेळाडूचे खाते चालक कंपनीने तात्पुरते अथवा कायमचे बंद करणे, यास खातेबंदी म्हणतात. मराठी खेळाडूंच्या बोलीत यालाच ‘आयडी बॅन होणे’ असे म्हटले जाते. खाते म्हणजे केवळ प्रवेशाचा परवाना नव्हे. मिळविलेली श्रेणी, सामन्यांची नोंद, विकत घेतलेले पोशाख व शस्त्रांची आवरणे, सवंगड्यांची यादी आणि स्पर्धेत नाव नोंदविण्याची पात्रता ही सर्व खात्याशी निगडित असतात. त्यामुळे खाते बंद होताच काही वर्षांचा वेळ व पैसा एकदम हातचा जातो. कुस्ती वा क्रिकेट यांसारख्या खेळांतही खेळाडूंवर बंदी येते. परंतु तेथे सामना लोकांसमोर झालेला असतो, पंचाचा निर्णय सर्वांना दिसतो आणि अपील ऐकणारी समिती बहुधा निराळी असते. ऑनलाइन खेळांत आरोप ठेवणे, निर्णय देणे व अपील ऐकणे ही तिन्ही कामे एकच कंपनी करते आणि पुरावाही तिच्याच ताब्यात राहतो. खातेबंदीविषयीच्या बहुतेक तक्रारींचे मूळ या रचनेत आहे.

कारणे व शोधपद्धती : बंदीचे सर्वांत मोठे कारण म्हणजे फसव्या आज्ञावलींचा वापर. आपोआप नेम धरून देणाऱ्या, भिंतीआडचा प्रतिस्पर्धी दाखविणाऱ्या किंवा खेळाडूचा वेग वाढविणाऱ्या अशा आज्ञावली विकण्याचा मोठा चोरटा व्यवसाय आहे. त्यांस वाव मिळतो तो खेळाच्या तांत्रिक रचनेमुळे. प्रतिस्पर्ध्याचे चित्र वेळेवर रेखाटता यावे, म्हणून त्याच्या स्थानाची माहिती सर्व्हरला खेळाडूच्या यंत्राकडे आधीच पाठवावी लागते. ती तेथे पोहोचली, की यंत्राच्या स्मृतीतून तिचे वाचन करणे शक्य होते. याखेरीज शिवीगाळ, सामना अर्धवट सोडणे, शत्रुपक्षाशी संगनमत, खाते विकणे वा भाड्याने देणे, दुसऱ्याच्या वतीने खेळून त्याची श्रेणी वाढविणे ही कारणेही आढळतात. मुलाने पालकांच्या नकळत केलेल्या खरेदीचे पैसे बँकेमार्फत परत घेतले, तरी अनेक कंपन्या खाते गोठवितात. ही गोष्ट पालकांच्या सहसा ध्यानी येत नाही.

फसवणूक शोधण्याची स्वतंत्र साधने २००० च्या सुमारास प्रचारात आली. अमेरिकेतील ‘पंकबस्टर’ हे त्यांतील आरंभीचे होय. व्हॉल्व्ह या कंपनीने २००२ मध्ये ‘व्हॅक’ ही प्रणाली सुरू केली. आरंभी तिच्यातील बंदी केवळ चोवीस तासांची असे. पुढे ती एक व पाच वर्षांची झाली आणि २००५ पासून कायमची ठरविण्यात आली. दंड असा वाढत गेला, तरी आरोपीस पुरावा दाखविण्याची पद्धत मात्र रूढ झाली नाही.

या प्रणाली स्थूलमानाने दोन रीतींनी काम करतात. पहिलीत खेळाडूच्या यंत्राची स्मृती तपासून ज्ञात फसव्या आज्ञावलींच्या खुणा शोधल्या जातात. दुसरीत खेळाडूच्या खेळाचेच सांख्यिकीय परीक्षण होते : नेम किती वेळात वळतो, न दिसणाऱ्या शत्रूच्या दिशेने तो किती वेळा आधीच वळलेला असतो, इत्यादी. रायट गेम्सने २०२० मध्ये ‘व्हॅलोरंट’ या खेळाबरोबर आणलेली ‘व्हॅनगार्ड’ ही प्रणाली तर संगणकाच्या प्रचालन तंत्राच्या गाभ्यापर्यंत पोहोचते. खेळ चालू नसतानाही ती जागी राहत असल्याने तिच्यावर खाजगीपणाच्या दृष्टीने आक्षेप घेण्यात आले. खेळाडूंकडूनच न्याय करवून घेण्याचे प्रयोगही झाले आहेत. ‘लीग ऑफ लेजंड्स’मध्ये २०११ मध्ये आरंभिलेल्या ‘ट्रायब्यूनल’मध्ये खेळाडूंनी इतरांच्या वर्तनाची प्रकरणे पाहून मत द्यावयाचे असे, तर ‘काउंटर-स्ट्राइक’मधील २०१३ च्या ‘ओव्हरवॉच’मध्ये अनुभवी खेळाडू संशयिताच्या सामन्याचे चित्रण पाहून निर्णय देत. आरोपीस आपली बाजू मांडण्याची सोय या दोहोंतही नव्हती.

पुरावा गुप्त ठेवण्याचे समर्थन कंपन्या असे करतात, की कोणती खूण सापडली हे सांगितल्यास फसवी आज्ञावली बनविणारा ती खूण दुसऱ्याच दिवशी पुसून टाकील. याच कारणास्तव दोषी आढळलेल्या खात्यांवर लगेच कारवाई न करता काही दिवस वा आठवडे थांबून सर्वांवर एकदम बंदी घालण्याची प्रथा आहे. तिला बंदीची लाट म्हणतात. समर्थनात तथ्य आहे. परंतु त्याचा दुसरा परिणाम असा होतो, की निरपराध खेळाडूस आपल्यावर नेमका कोणता आरोप आहे हे कळत नाही आणि तो ज्या दिवसाविषयी आहे, तो दिवसही त्यास आठवत नाही.

चुकीच्या बंदी : अशा प्रणाली क्वचितच चुकतात, असे कंपन्या सांगतात. तथापि झालेल्या चुकांपैकी काहींची उघड नोंद आहे आणि तिचा तपशील बोधप्रद आहे. जुलै २०१० मध्ये व्हॅक प्रणालीने ‘कॉल ऑफ ड्यूटी : मॉडर्न वॉरफेअर २’ या खेळातील सु. १२,००० खाती चुकीने बंद केली. स्टीम या सेवेने स्वतःच एका फाइलमध्ये केलेला बदल प्रणालीला फसवणूक वाटला होता. व्हॉल्व्हचे प्रमुख गेब न्यूएल यांनी संबंधितांची लेखी क्षमा मागितली व त्यांना दुसरा एक खेळ भेट म्हणून दिला. ऑक्टोबर २०२३ मध्ये एएमडी या कंपनीने आपल्या चित्रपत्रकांसाठी ‘अँटी-लॅग प्लस’ नावाची सोय दिली. ती खेळाच्या आज्ञावलीत हस्तक्षेप करून चालत असल्याने ‘काउंटर-स्ट्राइक २’ खेळणाऱ्या, ती सोय चालू केलेल्या लोकांवर बंदी आली. एएमडीने ती सोय मागे घेतली आणि व्हॉल्व्हने पुढे अशा खात्यांवरील बंदी उठविली. या दोन्ही प्रसंगी चूक मान्य झाली, ती अनेकांवर एकाच वेळी एकाच कारणाने बंदी आली म्हणून. एकट्यादुकट्या खेळाडूची तक्रार अशी उघडकीस येणे फार अवघड असते.

याहून विलक्षण प्रकार म्हणजे मुद्दाम घडवून आणलेली खोटी बंदी. मार्च २००८ मध्ये काही उपद्व्यापी लोकांनी पंकबस्टर ज्या खुणा शोधते, त्यांचेच अक्षरतुकडे गप्पांच्या सार्वजनिक कट्ट्यांवर पाठविले. ते वाचणाऱ्यांच्या संगणकाच्या स्मृतीत ते तुकडे आले आणि निरपराध लोक फसवे ठरले. सोळा वर्षांनी, ऑक्टोबर २०२४ मध्ये, ‘कॉल ऑफ ड्यूटी’च्या ‘रिकोशे’ प्रणालीबाबत हाच प्रकार पुन्हा घडल्याचे एका हॅकरने सांगितले. विशिष्ट शब्द असलेला संदेश पाठवून आपण हजारो खेळाडूंवर बंदी आणविली, असा त्याचा दावा होता. ॲक्टिव्हिजन कंपनीने दोष मान्य करून दुरुस्त केला, मात्र बाधित खात्यांची संख्या अल्प असल्याचे म्हटले.

भारतातील स्थिती : पाश्चात्त्य देशांत स्पर्धात्मक खेळ प्रामुख्याने संगणकावर वाढले; भारतात ते मोबाइलवर पसरले. येथे खातेबंदीशी सहज गल्लत होणारी दुसरी एक बंदी घडली, ती म्हणजे खेळावरचीच बंदी. माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ६९अ खाली केंद्र शासनाने २ सप्टेंबर २०२० रोजी ११८ ॲपवर बंदी घातली. त्यांत ‘पबजी मोबाइल’ होता. त्याची जागा घेणारा ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ (बीजीएमआय) हा खेळ क्राफ्टन या दक्षिण कोरियन कंपनीने २ जुलै २०२१ रोजी उपलब्ध केला. जुलै २०२२ च्या अखेरीस तोही ॲपच्या दुकानांतून काढला गेला व मे २०२३ मध्ये परत आला. अशा प्रसंगी खेळाडूने कंपनीकडे कितीही अर्ज केले, तरी उपयोग नसतो. कारण निर्णय कंपनीचा नसतो.

क्राफ्टनने डिसेंबर २०२१ पासून खात्याबरोबर यंत्रावरही बंदी घालण्याचे धोरण स्वीकारले. बंदी आलेला खेळाडू क्षणात नवे खाते उघडतो, हा त्यामागचा अनुभव. परंतु भारतीय कुटुंबात मोबाइल हा नेहमीच एका व्यक्तीचा नसतो. बारामती-इंदापूर भागातील पिंपळीसारख्या गावी थोरल्या भावाचा मोबाइल धाकट्याकडे येणे किंवा तालुक्याच्या बाजारपेठेतून वापरलेला मोबाइल विकत घेणे यांत नवल काही नाही. अशा मोबाइलवर पूर्वीच्या धन्याच्या कृत्याबद्दल बंदी असल्यास ती नव्या धन्यास भोगावी लागते, आणि विकत घेताना ती बाहेरून दिसतही नाही. चुलतभावंडांनी एकाच यंत्रावर आपापली खाती उघडली असल्यास एकाच्या अपराधाची झळ सर्वांस बसते. वापरलेला मोबाइल घेताना त्यावर खेळ उतरवून पाहणे व पावती ठेवणे एवढेच ग्राहकाच्या हाती असते.

निवारण : बंदी आल्यावर प्रथम तिचा प्रकार पाहावा लागतो. ठराविक दिवसांची बंदी असेल, तर ती भोगणे हेच बहुधा सोयीचे असते. कायम बंदीत खाते दुसऱ्याच्या हाती गेले होते काय, हे तपासणे अगत्याचे; चोरलेल्या खात्यावर फसवी आज्ञावली चालविणे हा नेहमीचा प्रकार आहे. तसा संशय असल्यास आधी संकेतशब्द बदलून मग अपील करावे लागते. अपील कंपनीच्या अधिकृत साहाय्य-विभागाकडेच करावयाचे असते. त्यात खेळाडूचा क्रमांक, बंदी दिसल्याची तारीख व वेळ, मोबाइलचा प्रकार, त्या काळात यंत्रावर असलेली इतर ॲप आणि खरेदीच्या पावत्यांचे क्रमांक द्यावेत. स्पर्शबिंदू बदलणारी, पडद्याचे चित्रण करणारी किंवा चित्रगुणवत्ता वाढविणारी ॲप निरुपद्रवी वाटली, तरी त्यांचा उल्लेख लपवू नये; चुकीच्या बंदीचे कारण अनेकदा तेथेच सापडते. एकच अर्ज वीस वेळा पाठविल्याने काही साधत नाही. अपील चालू असता दुसरे खाते काढून खेळणे ही बंदी चुकविण्याची कृती मानली जाते व मूळ अपीलही त्यामुळे दुबळे होते. व्हॅकच्या बाबतीत तर व्हॉल्व्हचा साहाय्य-विभागही बंदी उठवू शकत नाही. चुकीने आलेली बंदी कंपनीला चूक आढळल्यावरच निघते. पैसे घेऊन ‘अनबॅन’ करून देण्याचे आश्वासन देणारे लोक जवळपास नेहमीच भामटे असतात. त्यांस संकेतशब्द वा पैसे दिले गेले असल्यास १९३० या राष्ट्रीय क्रमांकावर सायबर फसवणुकीची तक्रार नोंदविता येते.

कायद्याची बाजू : खाते हा करार आहे आणि खात्यातील वस्तू खेळाडूच्या मालकीच्या नसून केवळ वापरावयास दिलेल्या आहेत, अशी अट जवळजवळ सर्व कंपन्यांच्या करारनाम्यात असते. अशा अटी न्यायालयात नेहमीच टिकतात असे नाही. ‘सेकंड लाइफ’ या आभासी जगातील खाते बंद झाल्याबद्दल अमेरिकेतील एका वकिलाने लावलेल्या दाव्यात पेनसिल्व्हेनियातील संघ-न्यायालयाने २००७ मध्ये लवादाची सक्ती करणारे कलम अन्याय्य ठरविले. पुढे उभयपक्षी तडजोड झाली. यूरोपीय संघाच्या डिजिटल सेवा अधिनियमाने खाते बंद करणाऱ्या सेवांवर कारणे कळविण्याचे बंधन घातले असून तो फेब्रुवारी २०२४ पासून पूर्णपणे लागू आहे. दक्षिण कोरियाने निराळी वाट धरली : २०१६ मधील दुरुस्तीने फसव्या आज्ञावली बनविणे व वाटणे हाच तेथे गुन्हा ठरविण्यात आला.

भारतात २०२५ च्या ऑनलाइन खेळविषयक अधिनियमाने पैसे लावून खेळावयाचे खेळ निषिद्ध ठरविले व ई-क्रीडेस त्यांपासून वेगळे काढले. वैयक्तिक खातेबंदीच्या दृष्टीने मात्र जुने कायदेच अधिक उपयोगी आहेत. माहिती तंत्रज्ञान नियम, २०२१ अन्वये मध्यस्थ कंपनीने तक्रार अधिकारी नेमून चोवीस तासांत तक्रारीची पोच देणे व ठराविक मुदतीत तिचा निकाल लावणे आवश्यक असते. निकाल अमान्य असल्यास २०२३ पासून कार्यरत असलेल्या तक्रार अपील समितीकडे तीस दिवसांत दाद मागता येते. खेळाच्या कंपनीला मध्यस्थ मानावे की नाही, यावर वाद घालता येतो. तरीही तक्रार अधिकाऱ्यास पत्र पाठविल्याने निदान लेखी उत्तराची शक्यता वाढते.

ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ ची वाट लांबची, पण अधिक भक्कम आहे. तिच्यासाठी खेळाडूने मोबदला दिलेला असावा लागतो. फुकट खेळणारा या कायद्याच्या अर्थाने ग्राहक ठरत नाही. म्हणून खरेदीच्या पावत्या जपून ठेवण्याचे महत्त्व. तक्रारदार जेथे राहतो तेथेच तक्रार करण्याची मुभा असल्याने पिंपळीच्या रहिवाशास कंपनीच्या शहरी जावे लागत नाही. सेवेतील त्रुटीची तक्रार पुणे येथील जिल्हा आयोगापुढे चालते, ती ऑनलाइन दाखल करता येते आणि दिलेला मोबदला पाच लाख रुपयांपर्यंत असल्यास शुल्क पडत नाही. खेळाडू अठरा वर्षांखालील असल्यास तक्रार पालकाने करावयाची असते. अज्ञानाने केलेला करार भारतीय कायद्यात मुळातच निरर्थक असल्याने, ज्या करारनाम्यावर बोट ठेवून कंपनी बंदी घालते, त्याचा पायाच अशा प्रकरणी डळमळीत असतो. वाजवी कारणाविना एकतर्फी करार संपविण्याचा अधिकार एका पक्षास देणारी अट अधिनियमाने अनुचित कराराच्या व्याख्येत घातली आहे. ती अटच रद्द करून मागावयाची असेल, तर मात्र जिल्हा आयोग पुरत नाही; त्यासाठी महाराष्ट्र राज्य आयोगाकडे जावे लागते.