दुधाच्या पातेल्यात दडलेला आजार

वर्ष-दीड वर्षाचं चांगलं खेळतं मूल किरकिर करू लागतं. भूक मंदावते, पोट फुगू लागतं. डॉक्टर पोटावर हात ठेवतात तेव्हा उजव्या बरगडीखाली यकृत वाढलेलं, टणक आणि धारदार कडेचं लागतं. पुढे कावीळ, पोटात पाणी, आणि बहुतेक वेळा काही महिन्यांतच मृत्यू. कोलकात्याच्या डॉक्टरांनी १८८७ साली या आजाराचं वर्णन केलं. तो मुख्यतः भारतातच दिसे, म्हणून पुढे त्याचं नाव पडलं ‘इंडियन चाइल्डहूड सिऱ्हॉसिस’. त्याचं कारण कळायला त्यानंतर जवळजवळ शंभर वर्षं लागली, आणि ती उकल होण्यात पुण्याचा मोठा वाटा आहे.

कोडं खरोखर अवघड होतं. एकाच घरात एकामागून एक भावंडं दगावत, त्यामुळे आजार आनुवंशिक असणार असं वाटे. पण आईवडील ठणठणीत असत. उपासमार म्हणावी, तर दूधदुभतं असलेल्या खात्यापित्या घरांतही तो दिसे. संसर्ग म्हणावा, तर जंतू सापडत नव्हता.

पहिला धागा सूक्ष्मदर्शकाखाली हाती लागला. १९७०च्या दशकाच्या अखेरीस या मुलांच्या यकृताचे बारीक तुकडे ऑर्सीन नावाच्या रंगात बुडवून पाहिले गेले. हा रंग मूळचा शैवाकांपासून मिळतो; आपल्या मसाल्यातलं दगडफूलही शैवाकच! ऑर्सीन लावताच पेशींमध्ये गडद तपकिरी कण उमटले. ती तांब्याची खूण होती. निरोगी यकृताच्या १ ग्रॅम कोरड्या वजनात साधारण ५० मायक्रोग्रॅमपेक्षा कमी तांबं असतं. या मुलांत ते अनेकदा ८००च्या वर जाई.

यकृतात तांबं साठण्याचा एक दुर्मीळ आनुवंशिक आजार माहीत होता, विल्सनचा आजार. पण विल्सनमध्ये रक्तातलं सेरुलोप्लाझमिन हे तांबं वाहणारं प्रथिन सहसा कमी असतं, इथे ते कमी नव्हतं. शिवाय विल्सन इतक्या कोवळ्या वयात सहसा दिसत नाही. मग एवढं तांबं आलं कुठून?

पुण्याच्या केईएम रुग्णालयातल्या डॉ. शीला भावे, डॉ. आनंद पंडित आणि ब्रिटनचे डॉ. स्टुअर्ट टॅनर यांनी उत्तर शोधलं ते स्वयंपाकघरात. बाळाला वरचं दूध कधी लावलं? ते तापवलं कशात, ठेवलं कशात? आजारी मुलांच्या घरांतून येणारी उत्तरं पितळेच्या भांड्याकडे बोट दाखवत होती. या मुलांना वरचं दूध लवकर सुरू झालेलं होतं आणि ते पितळेत तापवलं किंवा साठवलं जात होतं. १९८३ साली हे निरीक्षण ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झालं.

यामागचं रसायन थक्क करणारं आहे. पितळ म्हणजे तांबं आणि जस्त. भांड्याला आतून कल्हई असेल, तर कथिलाचा थर दुधाला तांब्यापासून दूर ठेवतो. कल्हई उडाली की दुधातलं केसीन हे प्रथिन तांबं धरून ठेवतं आणि ते थेट बाळाच्या पोटात जातं. नवजात बाळाच्या यकृतात मुळातच तांब्याचा साठा मोठा असतो, आणि पित्तावाटे ते बाहेर टाकण्याची ताकद अजून पुरती आलेली नसते. त्याच भांड्यातलं दूध पिणारे मोठे सुखरूप राहतात आणि तान्हं मूल मात्र सापडतं, ते म्हणूनच. भावंडं एकामागून एक का जात, याचाही उलगडा बऱ्याच अंशी झाला: चूल एक, पातेलंही एकच.

तरीही तसंच दूध प्यायलेली असंख्य बाळं निरोगी राहिली, म्हणजे जनुकांचाही काही हात असावा. भांड्यांवरच्या संशयाला मात्र दुजोरा मिळाला तो थेट आल्प्सच्या डोंगरांतून. ऑस्ट्रियातल्या टिरोल भागात १९०० ते १९७४ या काळात १३८ बाळं अशाच आजाराने गेल्याचं १९९६ साली प्रसिद्ध झालं. तिथेही गाईचं दूध तांब्याच्या भांड्यांत तापवलं जाई. भांडी बदलली आणि आजार नाहीसा झाला. आपल्याकडेही स्टील-ॲल्युमिनियमची भांडी आली, पितळेत दूध ठेवू नका हा सल्ला घरोघरी पोचला आणि एके काळी वॉर्डांत नेहमी दिसणारा हा आजार दुर्मीळ झाला.

दुर्मीळ होण्याची एक किंमत असते. जो आजार डॉक्टरांनी कधी पाहिलाच नाही, तो समोर आला तरी चटकन ओळखू येत नाही. जगात असे ७ ते ८ हजार दुर्मीळ आजार मानले जातात. २०२१च्या राष्ट्रीय धोरणानुसार त्यांच्यासाठी नेमलेल्या विशेष केंद्रांत मुंबईचं केईएम रुग्णालयही आहे. तिथे जनुकांची तपासणी होईल, आणि ती हवीच. पण पुण्याच्या या शोधाने शिकवलेली गोष्टही तितकीच मोलाची आहे: निदानाची सुरुवात घरातल्या साध्या तपशिलांनी होऊ शकते. म्हणून डॉक्टरांनी ते सवडीने विचारावेत, आणि पालकांनीही बाळ काय खातंपितं, कशातून पितं, हे क्षुल्लक न समजता सांगावं. आनुवंशिक म्हणून हात टेकले गेले असते, त्या आजारातून हजारो बाळं वाचवण्याचा रस्ता याच प्रश्नांतून निघाला.