आधी समुद्र, मग कायदे

थॉमस मोर यांचं ‘यूटोपिया’ १५१६च्या अखेरीस ल्युव्हेन शहरात लॅटिनमध्ये छापून निघालं. त्यातला कल्पित देश आपल्याला आठवतो तो खासगी मालमत्ता नसलेला, दिवसाला सहाच तास काम करणारा. पण पुस्तकाच्या दुसऱ्या भागात या देशाचं वर्णन सुरू होतं, तेव्हा मोर मालमत्तेचा विषय काढत नाहीत. ते आधी किनारा आखतात. मला ही पानं फार मोलाची वाटतात. त्या किनाऱ्यावरचा समुद्र नुसता शोभेला नाही, राज्याची कितीतरी कामं तो स्वतः उरकतो.

कागदावर एक चंद्रकोर काढा, अगदी जाड आणि जवळजवळ मिटत आलेली. मधला सर्वांत रुंद भाग २०० मैलांचा. दोन्ही टोकं निमुळती होत एकमेकांकडे वळतात आणि त्यांच्यामध्ये ११ मैलांची सामुद्रधुनी उरते. तिच्यातून आत आलेलं पाणी कोरीच्या पोटात पसरतं. चहूबाजूंनी जमीन असल्यामुळे वारा अडतो आणि एवढा मोठा उपसागर तळ्यासारखा शांत राहतो. (मोर या आकाराचा परिघ ५०० मैल सांगतात. २०० मैल व्यासाच्या वर्तुळाचा परिघ ६२८ मैल भरतो, त्यामुळे कागदावर मापं जुळवत बसू नका.) आतला जवळजवळ सगळा किनारा म्हणजे एक सलग बंदरच. समोरच्या काठाला जायचं तर डोंगर-रानातून वळसा घालायला नको, तारू सरळ पलीकडे नेलं की झालं.

आता ती ११ मैलांची वाट पाहू. तिच्यात कुठे उथळ पाणी आहे, कुठे खडक. मधोमध एकच खडक पाण्याबाहेर आलेला आहे. त्याच्यावर बुरूज बांधून शिबंदी ठेवली आहे. उघड दिसतो म्हणून त्याचा धोका नाही, धोका आहे तो पाण्याखाली दडलेल्या खडकांचा. त्यांच्यामधले मार्ग फक्त इथल्या लोकांना ठाऊक असल्याने परक्या जहाजाला स्थानिक वाटाड्याशिवाय आत शिरता येत नाही. हे वाटाडेही किनाऱ्यावरच्या खुणा धरूनच सुकाणू वळवतात. त्या खुणांची जागा थोडी बदलली, की चालून आलेलं कितीही मोठं आरमार खडकांवर फुटेल. बाहेरच्या किनाऱ्यावर बंदरं आहेत, पण तिथे निसर्गाने आणि माणसांनी मिळून अशी तटबंदी उभी केली आहे की मूठभर लोक मोठं सैन्य थोपवू शकतात.

हे बेट मुळात बेट नव्हतंच. ती मुख्य भूमीला जोडलेली जमीन होती. यूटोपस नावाच्या राजाने ती जिंकली आणि जिथे ती भूमीला चिकटली होती तिथे १५ मैलांचा पट्टा खणून समुद्र आत घेतला. जिंकलेल्या लोकांना हे काम अपमानाचं वाटू नये म्हणून त्याने आपले सैनिकही त्यांच्याबरोबर खणायला लावले. शेजारी आधी हसले. काम बघता बघता पुरं झालं तेव्हा ते थक्क झाले, घाबरलेही. मोर यांच्या सगळ्या रचनेत मला ही गोष्ट सर्वांत महत्त्वाची वाटते. कायदे लिहिण्याआधी हा राजा सीमा खणतो, आणि त्या खणण्यात जेते व जित एकाच चिखलात उभे असतात.

पाण्याचं सर्वांत बारकाईचं काम नदीत दिसतं. राजधानी अमॉरोट हे शहर आनिद्रस नदीकाठी वसलं आहे. नदी शहराच्या ८० मैल वर एका लहान झऱ्यातून निघते आणि शहरापासून ६० मैलांवर समुद्राला मिळते. दर सहा तासांनी भरती किंवा ओहोटी. भरतीचं खारं पाणी मुखातून ३० मैल आत घुसतं, त्याच्या वर काही मैल पाणी मचूळ होतं आणि शहराजवळ ते गोडंच असतं. पण भरतीचा जोर शहराच्याही वर काही मैल जाणवतो. खऱ्या खाड्यांतही असंच घडतं. समुद्राच्या रेट्याने पुढचं गोडं पाणी तुंबतं, चढतं, त्यामुळे पातळीची चढ-उतार खारेपणापेक्षा खूप वर पोचते. कोकणात दाभोळच्या खाडीतून भरतीवर गोवळकोटपर्यंत गलबतं न्यायचे, तो याच रेट्याचा उपयोग. ओहोटी लागली की आनिद्रसचं गोडं पाणी पुन्हा जवळजवळ मुखापर्यंत उतरतं. म्हणजे अमॉरोटला बंदर मिळालं आणि नदीही गोडी राहिली.

मोर लंडनचे, त्यांच्या डोळ्यांसमोर थेम्स होती. तिथला एकमेव पूल अरुंद कमानींचा, आणि वर जाणाऱ्या मोठ्या जहाजांना त्याची अडचण. अमॉरोटचा दगडी पूल मात्र समुद्रापासून सर्वांत लांबच्या टोकाला आहे, म्हणून जहाजं शहराच्या पूर्ण काठाने जाऊ शकतात. पिण्यासाठी शहराबाहेर जवळच उगम पावणारा एक छोटा प्रवाह आहे. शत्रूने तो तोडू नये म्हणून त्याचा उगम तटाच्या आत घेतला आहे आणि भाजलेल्या मातीच्या नळांतून पाणी खालच्या वस्त्यांना दिलं आहे. जिथे नळ पोचत नाही तिथे पावसाचं पाणी हौदांत साठवतात.

व्यापारात यूटोपियाचे लोक आपला माल स्वतःच्या जहाजांतून परदेशी नेतात, परक्यांनी येऊन न्यावा असं त्यांना वाटत नाही. त्यामुळे शेजारच्या देशांची माहिती राहते आणि नौकानयनाचा हात सुटत नाही. नेलेल्या मालाचा सातवा हिस्सा तिथल्या गरिबांना फुकट देतात, उरलेला माफक दराने विकतात. येताना गरजेचं म्हणून आणतात ते मुख्यतः लोखंड, कारण ते त्यांच्याकडे नाही.

याच जहाजांचा आणखी एक उपयोग मात्र मला खटकतो. बेटावर माणसं फार झाली की ते शहराशहरातून लोक निवडून मुख्य भूमीवर पाठवतात आणि तिथल्यांनी पडीक ठेवलेल्या जमिनीवर वसाहत करतात. मूळचे लोक त्यांच्या कायद्याने राहायला तयार झाले तर ठीक, नाही तर त्यांना हुसकावतात. कोणी लढलं तर युद्ध. ज्या पाण्याने यूटोपसच्या देशाला वेढून सुरक्षित केलं, त्याच पाण्यावरून तो दुसऱ्यांच्या जमिनीवर उतरतो. उलट बेटावरचं एखादं शहर ओस पडू लागलं तर वसाहतीतली माणसं परत बोलावतात. तशी वेळ त्यांच्या इतिहासात साथीमुळे दोनदाच आली, असं पुस्तक सांगतं. वसाहती मोडल्या तरी चालतील, बेटावरचं एकही शहर खचता कामा नये, असा त्यांचा हिशेब.