नाव उगमाचे, नाते घडणीचे

आज मी एकाच प्रश्नाचा विचार करणार आहे : जीवाणूंनी निर्मिलेल्या जीवाणुनाशक पेप्टाइडांची नावे आपणांस नेमके काय सांगतात?

बहुधा उत्पादक जीवाणूच्या नावास ‘इन’ हा प्रत्यय लावून असे नाव सिद्ध होते. ई. कोलायपासून कोलिसिन, दह्यातील स्ट्रेप्टोकॉकस थर्मोफिलसपासून थर्मोफिलिन. ‘थर्मोफिलस’ म्हणजे उष्णताप्रेमी.

उत्तर चीनमधील एका खोल तेलसाठ्यातून जिओबॅसिलस थर्मोडिनायट्रिफिकन्स हा उष्णताप्रेमी जीवाणू मिळाला. त्याच्या जनुकांच्या आधारे २०१२ साली दोन पेप्टाइडे प्रकाशात आली. नावे पडली जिओबॅसिलिन १ व जिओबॅसिलिन २. मुळात जिओबॅसिलस हा वंशच बॅसिलसपासून २००१ साली वेगळा काढलेला. तसे झाले नसते, तर ही नावेही निराळी असती.

घडण पाहिली की नात्यांचे चित्र पालटते. जिओबॅसिलिन १ चे खरे आप्त निसिन. म्हणजे लॅक्टोकॉकसपासून मिळणारे, अन्नरक्षणात वापरले जाणारे पेप्टाइड. निसिनात गंधकाने सांधलेली पाच कडी असतात, तर यात सात. प्रयोगशाळेत ते निसिनाहून अधिक टिकाऊ ठरले आणि गाईंच्या कासदाहास कारण होणाऱ्या एका स्ट्रेप्टोकॉकसवर अधिक प्रभावीही. जिओबॅसिलिन २ ची घडण मात्र अगदी वेगळी, आणि त्याचा प्रभाव मुख्यतः बॅसिलस गटापुरता.

आडनाव एक म्हणून स्वभाव एक, असे समजू नये. नव्या औषधाच्या शोधात केवळ नावावर विसंबणारा अभ्यासक निसिनाचे हे आप्त ओळखू शकणार नाही. नावावरून उगम जाणावा. गुण मात्र घडणीवरून आणि प्रयोगावरूनच पारखावेत, एवढेच माझे सांगणे आहे.