नमस्काराचं उत्तर
(लेखांक सातवा)

"राहू दे, राहू दे," असं म्हणत पाय किंचित पुढे सरकवण्याची कला आपल्याकडच्या वडीलधाऱ्यांना कोणी शिकवत नाही. ती वयाबरोबर येते. दिवाळीच्या पाडव्याला घरातली मुलं ओळीनं वाकतात. कोणाचा हात पावलापर्यंत जातो, कोणाचा गुडघ्याशीच थांबतो (हल्ली बहुतेकांचा गुडघ्याशीच), आणि वरून "मोठा हो", "औक्षवंत हो" असे शब्द पडतात. गेल्या आठवड्यात औक्षणाबद्दल लिहिताना हा 'औक्ष' शब्द आला होता. तोच धागा आज पुढे न्यायचा आहे.

नमस्काराबद्दल आपण बोलतो ते नेहमी वाकणाऱ्याच्या बाजूनं. हात कसे जोडावेत, डोकं कुठवर टेकवावं, साष्टांग म्हणजे कोणती आठ अंगं. ती सांगून टाकतो: छाती, डोकं, दृष्टी, मन, वाणी, पाय, हात आणि गुडघे. यातली दृष्टी, मन आणि वाणी ही तीन जमिनीला टेकवता येत नाहीत, म्हणजे निव्वळ आडवं पडून साष्टांग होत नाही. इतकं लक्षात ठेवलं की पुरे. मला आज दुसऱ्या बाजूचं लिहायचं आहे. समोरचा वाकला, त्याला उत्तर काय मिळालं? माझं म्हणणं असं, की नमस्काराचा अर्थ वाकण्यात अर्धाच असतो. उरलेला उत्तरात असतो, आणि भांडणं झाली ती बहुतेक या उरलेल्या अर्ध्यावरून.

'नम्' म्हणजे वाकणं, लवणं. त्यावरून 'नमः'. संस्कृत शिकलेल्यांना आठवत असेल, या 'नमः'ला चतुर्थी लागते: गणेशाय, गुरवे, देव्यै. म्हणजे नमस्कार कोणाला, हे व्याकरणच विचारतं. घेणारा ठरल्याशिवाय शब्द पुरा होत नाही.

पाणिनीनं तर घेणाऱ्याच्या उत्तरासाठी स्वतंत्र सूत्र केलं आहे. शिष्यानं आपलं नाव सांगून गुरूला वंदन केलं, की गुरूनं आशीर्वाद देताना त्याच्या नावाचा शेवटचा स्वर लांबवायचा. ऱ्हस्वाची एक मात्रा, दीर्घाच्या दोन, आणि या लांबवलेल्या स्वराच्या तीन. याला प्लुत म्हणतात. "आयुष्यवंत हो, देवदत्ताऽऽऽ" असं काहीसं ते ऐकू येत असणार. लांबून हाक मारतानाही पाणिनी प्लुतच सांगतो, आणि तो आपण अजून वापरतो. पलीकडच्या बांधावरून मारलेली "आरं सदाऽऽऽ" ही हाक ऐका, तीन मात्रा सहज भरतात. वंदनाच्या उत्तरातला प्लुत मात्र मराठीत उतरला नाही.

पतंजली महाभाष्याच्या सुरुवातीला व्याकरण का शिकावं याची कारणं देतो. त्यातलं एक या प्लुताचं आहे. ज्याला उत्तरात प्लुत करता येत नाही, त्याला प्रवासाहून आल्यावर रीतसर नाव सांगून वंदन करू नये. बायकांना सांगतात तसं नुसतं "हा मी आलो" म्हणावं. आणि आपल्यावर ती पाळी येऊ नये म्हणून व्याकरण शिकावं! मनुस्मृतीही हेच वेगळ्या शब्दांत सांगते: ज्याला वंदनाचं उत्तर देता येत नाही, तो वंदनाला पात्र नाही. नमस्कार घ्यायलाही शिकावं लागतं, अशी ही दृष्टी आहे. मला ती आवडते.

पण त्याच सूत्रात एक दार बंद आहे. प्लुत करायचा, पण वंदन करणारा शूद्र असेल तर नाही. पाणिनीच्या सूत्रांवर वार्तिकं लिहिणाऱ्या कात्यायनानं त्यात स्त्रियांचीही भर घातली. सन्मान नुसत्या एका मात्रेचा, आणि तीही मोजून दिलेली. मुंजीत बटू आजही आपलं गोत्र, प्रवर, शाखा आणि नाव सांगत अभिवादन करतो. तो विधी पाहताना ही न मिळालेली मात्रा मला हटकून आठवते. बाईच्या वाट्याला पुढे मराठीत जे उत्तर आलं त्याकडेही पाहा. खांद्यावरून पदर घेऊन ती तीनदा वाकते आणि वरून येतं, "अखंड सौभाग्यवती भव". नमस्कार तिचा, आयुष्य नवऱ्याला.

बौद्ध संघाचा नियम जातीचा नव्हता. ज्याची दीक्षा आधीची तो वडील, धाकट्यानं त्याला वंदन करायचं. वय, कुळ काही विचारायचं नाही. असं असूनही भिक्षुणींसाठी जे आठ कडक नियम सांगितले जातात त्यांतला पहिला असा: दीक्षेला शंभर वर्षं झालेल्या भिक्षुणीनंही आज दीक्षा घेतलेल्या भिक्षूला उठून वंदन करावं. भिक्षुणी महाप्रजापती गौतमीनं नंतर विनंती केली की वंदन दोन्हीकडे दीक्षेच्या ज्येष्ठतेवरच ठरावं. विनयपिटक सांगतं की ती मान्य झाली नाही. मागणी मोठी नव्हती. आपल्यालाही कोणी वाकावं, इतकीच.

आता आपल्या घराकडे येऊ. माझ्या आजोबांच्या पत्र्याच्या ट्रंकेत पोस्टकार्डांचा एक गठ्ठा होता. बहुतेक कार्डांच्या वर अक्षरांचं कोडं: "शि. सा. न. वि. वि." म्हणजे शिरसाष्टांग नमस्कार विनंती विशेष. पोस्टकार्डावर साष्टांग घालायला जागा नाही, म्हणून ही काटकसर. आजोबांच्या उत्तरांत "चि. ... यास अ. उ. आ.", म्हणजे अनेक उत्तम आशीर्वाद. आणि बरोबरीच्या मित्राचं पत्र असलं की "स. न. वि. वि." (सप्रेम नमस्कार विनंती विशेष), त्याला उत्तरही "स. न. वि. वि.". लहानपणी मला ही नुसती टेलिग्रामची भाषा वाटे. पुढे कळलं की मायना वाचून दोन माणसांतली उंची मोजता येते. नमस्काराला आशीर्वाद आला तर एक पायरी वर आहे. नमस्काराला नमस्कार आला तर दोघं एका पायरीवर आहेत.

हे ध्यानात घेतलं की १७७९ सालचा एक हुकूम नीट कळतो. पेशवाईत अभिवादनाचे शब्द जातीजातींत वाटलेले होते. ब्राह्मण आपसांत नमस्कार म्हणत. मराठे-कुणबी आपसांत रामराम घालत आणि ब्राह्मणाला दंडवत. ब्राह्मणाकडून त्यांना आशीर्वाद मिळे. महारांनी लांब उभं राहून जोहार म्हणायचा. अशा काळात दैवज्ञ सोनार मंडळी नमस्कार म्हणू लागली आणि ब्राह्मणी पद्धतीनं धोतर नेसू लागली. पुण्याच्या ब्राह्मणांनी ते पेशव्यांकरवी बंद करवलं. मुंबईत पेशव्यांचं राज्य नव्हतं, तिथे कंपनी सरकार होतं. पण तिथेही दाब पोचला आणि १७७९ साली कंपनीच्या मुंबई सरकारनं ठराव केला, की सोनारांनी 'नमस्कार' हा शब्द अभिवादनासाठी वापरू नये. या प्रकरणाचा उल्लेख डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनीही आपल्या लेखनात केला आहे.

गोऱ्या साहेबांच्या कौन्सिलनं कोणी कोणाला काय म्हणावं याचा निवाडा करावा, हे आज विनोदी वाटतं. तेव्हा ते अजिबात विनोदी नव्हतं. सोनारांना वाकायचं नव्हतं असं नाही. दंडवत घातला असता तर कोणाची हरकत नव्हती. दंडवतात माणूस काठीसारखा आडवा पडतो, म्हणजे नमस्कारापेक्षा जास्तच वाकतो. हरकत होती ती उत्तराला. दंडवताला आशीर्वाद येतो. नमस्काराला नमस्कारच द्यावा लागतो. सोनार मागत होते ती बरोबरी, आणि ठराव झाला तो तिच्यावर.

दरबारातही मोजमाप हेच होतं, फक्त फारसीत. आपण 'कुर्निसात' म्हणतो तो मोगलांचा कोर्निश. ऐन-ए-अकबरीत त्याची कृती दिली आहे: उजवा तळवा कपाळावर आणि मान खाली. तस्लीम त्याहून अवघड. उजव्या हाताची पाठ जमिनीला टेकवायची, सावकाश उठत सरळ उभं राहायचं आणि मग तळवा डोक्यावर. अकबराला सिजदाही केला जाई. कपाळ जमिनीला लावायचं ते अल्लाहपुढेच, म्हणून शाहजहाननं गादीवर आल्यावर तो बंद केला. या सगळ्यात बादशहानं उलट वाकायचा प्रश्नच नव्हता. त्याचं उत्तर म्हणजे एखादा शब्द, एखादी खिलत (मानाचा पोशाख), नाही तर नुसती नजर. १२ मे १६६६ रोजी आग्र्याला शिवाजी महाराजांनी नजराणा पुढे केला आणि औरंगजेब एक शब्दही बोलला नाही. महाराजांना मागच्या रांगेत नेऊन उभं केलं. पुढचा स्फोट आणि पुढची सुटका आपल्याला पाठ आहे. तिथे ठिणगी पडली ती न आलेल्या उत्तराची.

जोहाराचं पुढे काय झालं? आंबेडकरी चळवळीनं तो सोडला, आणि त्या जागी 'जय भीम' आला. त्याचं श्रेय कामठीच्या बाबू हरदास एल. एन. (१९०४–१९३९) यांना दिलं जातं. १९३७ साली ते मध्य प्रांताच्या विधानसभेवर निवडून आले होते. मुसलमान एकमेकांना 'सलाम आलेकुम' म्हणतात आणि 'वालेकुम सलाम' असं भरभरून उत्तर मिळतं, हे पाहून आपल्या माणसांसाठीही असं काही हवं असं त्यांना वाटलं, असं सांगतात. आधी 'जय भीम'ला 'बल भीम' हे उत्तर ठरलं होतं म्हणे. ते मागे पडलं. आज 'जय भीम'ला उत्तर 'जय भीम'. हात जोडलेले, पाठ ताठ. उत्तरासकट आलेलं हे अभिवादन आहे, आणि माझ्या मते विसाव्या शतकातल्या मराठी मुलखानं घडवलेल्या सर्वांत अर्थपूर्ण शब्दांपैकी एक. गंमत अशी, की महारांना नकोसा झालेला जोहार पालघरचे आदिवासी आजही ताठ मानेनं म्हणतात, गडचिरोलीकडे 'सेवा जोहार' ऐकू येतो, आणि झारखंडात तर सरकारी समारंभातही जोहारच असतो. शब्द तोच. कोण कोणाला म्हणतं आणि उलट काय ऐकतं, यावर त्याची किंमत ठरते.

सलामाच्या उत्तराबद्दल कुराणात स्पष्ट सांगितलं आहे: कोणी अभिवादन केलं तर त्याहून चांगलं, निदान तितकंच परत द्या. लिंगायतांत 'शरणु'ला 'शरणार्थी' असं उत्तर येतं. महानुभावांनी दंडवताची दिशाच बदलली. तिथे 'दंडवत प्रणाम' दोघंही म्हणतात. गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत संध्याकाळची प्रार्थना झाली की मुलं थोरांकडे 'बेसांव' मागतात. हा पोर्तुगीजातून आलेला आशीर्वादाचा शब्द. म्हणजे तिथे उत्तराच्याच नावानं नमस्कार होतो.

आणि वारी. वारीत वाकण्याची उतरंड जागेवर मोडते. तुम्ही एखाद्या म्हाताऱ्या वारकऱ्याच्या पायाला हात लावायला जाता, तोवर तो तुमच्या पायाशी पोचलेला असतो. दोन डोकी मध्येच एकमेकांवर आपटायची वेळ येते. "राहू दे" म्हणायला सवड नाही. वय, जात, शिक्षण काही विचारत नाहीत, समोरचा 'माउली' आहे एवढं पुरतं. पण हे वाळवंटातलं झालं. देवळाच्या आत विठोबाच्या पायांवर थेट डोकं ठेवता येतं हे पंढरपूरचं वैशिष्ट्य, आणि नेमकं तेच दलितांना शतकानुशतकं नाकारलं गेलं. चोखोबांची समाधी महाद्वारासमोर, बाहेर आहे. साने गुरुजींनी १९४७च्या मे महिन्यात उपोषण केलं, तेव्हा कुठे दार उघडलं. बाहेर माउली म्हणून पायाला हात लावणाऱ्यांना आत कोण जातं हे माहीत नव्हतं, असं मला म्हणवत नाही.

मराठी भाषेला मात्र हे सारं पक्कं माहीत आहे. 'पाया पडणं' आणि 'पाय धरणं' यांत ती गल्लत करत नाही. रामराम घालतात तो भेटताना, ठोकतात तो सोडताना. एखाद्यापुढे टेकीला आलो की आपण कोपरापासून हात जोडतो, आणि काही माणसांना दुरूनच नमस्कार करतो. चमत्काराशिवाय नमस्कार नाही, हेही आपलंच. लोटांगण तर आता देवळापेक्षा राजकारणाच्या बातम्यांत जास्त सापडतं. तिथेही बातमी लोटांगणाची नसतेच, वरून काय मिळालं याचीच असते.

पुढच्या आठवड्यात सूर्यनमस्कार आणि औंध संस्थान. तोवर एक विनंती. घरात आजी-आजोबांची जुनी पत्रं असतील तर रद्दीत घालण्याआधी त्यांचे मायने वाचा. कोणी कोणाला 'शि. सा. न.' लिहिलं आणि उलट टपाली काय आलं, ते मला लिहून कळवा.